फर्माइशीचे पत्र : वऱ्हाड आणि नभोवाणी

नभोवाणीवर तिच्या जन्मापासून दोन आक्षेप घेतले जात आले आहेत. पहिला असा की, हे यंत्र मनुष्याला भोवतालच्या वास्तवापासून पळवून नेते. हातचे काम आणि डोक्यावरचे कर्ज विसरून तो दूरदेशीच्या एखाद्या गाण्यात रममाण होतो. दुसरा असा की, ते मनुष्याला एकलकोंडा करते. ज्या घटकेला पूर्वी तो पारावर, देवळात किंवा शेजाऱ्याच्या ओसरीवर जाऊन बसत असे, त्या घटकेला आता तो आपल्या घरात एका लाकडी पेटीपुढे बसून राहतो. हे आक्षेप पारखून पाहावयाचे असतील, तर वऱ्हाडाइतका सोयीचा मुलूख क्वचितच सापडेल. अमरावती आणि अकोला ही दोन्ही जिल्ह्यांची ठाणी, कापसाच्या मोठ्या बाजारपेठा, आणि वाचनालये, व्यायामशाळा व नाटके यांची हौस बाळगणारी शहरे. परंतु मुंबईच्या चित्रपटसृष्टीपासून सुमारे ६०० किलोमीटर दूर, आणि आकाशवाणीचे स्वतःचे केंद्र कित्येक दशके नसलेली. अशा ठिकाणचा श्रोता रेडिओकडे कशासाठी वळला, आणि वळल्यावर त्याने त्याचा कसा उपयोग करून घेतला, हे पाहिले म्हणजे त्या दोन्ही आक्षेपांचा निवाडा करणे सोपे जाते.

तीन दिशांचे आवाज

मुंबईचे केंद्र २३ जुलै १९२७ रोजी व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांच्या हस्ते सुरू झाले, तेव्हा त्याच्या क्षेपकाची शक्ती अवघी दीड किलोवॉट होती आणि त्याचा आवाज पन्नासेक किलोमीटरांपलीकडे धडपणे पोहोचत नसे; म्हणजे वऱ्हाडाच्या दृष्टीने ही घटना वृत्तपत्रात वाचण्यापुरतीच होती. ते चालविणारी खाजगी कंपनी तीन वर्षांच्या आतच बुडाली, कारभार सरकारच्या हाती गेला, १९३६ साली 'ऑल इंडिया रेडिओ' हे नाव रूढ झाले, आणि १९३८ च्या सुमारास लघुलहरींचे क्षेपक उभे राहिले, तेव्हा कोठे दूरच्या जिल्ह्यांतील वकील, सावकार, जिनिंग-प्रेसिंगचे मालक आणि सरकारी अंमलदार यांच्या घरांवर एरियलच्या तारा ताणल्या जाऊ लागल्या. स्वातंत्र्य मिळाले त्या वेळी दिल्ली, मुंबई, कलकत्ता, मद्रास, तिरुचिरापल्ली आणि लखनौ अशी सहाच केंद्रे भारताच्या वाट्याला आली होती. मध्यप्रांत-वऱ्हाडात एकही नव्हते. ही उणीव १६ जुलै १९४८ रोजी नागपूर केंद्र सुरू झाले तेव्हा भरून निघाली.

या केंद्राचे वऱ्हाडच्या मनात जे स्थान झाले, त्याचे कारण थोडे इतिहासातही आहे. १८५३ साली निजामाकडून इंग्रजांच्या अमलाखाली आलेला, १९०३ साली मध्यप्रांताला जोडलेला, १९५६ साली द्विभाषिक मुंबई राज्यात आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्रात दाखल झालेला हा मुलूख शंभर-सव्वाशे वर्षांत आपली दफ्तरे एका राजधानीच्या कचेरीतून दुसऱ्या राजधानीच्या कचेरीत हलवीत आला होता. पण हुकूम कोठूनही सुटो, बाजारभाव, हवामान आणि सायंकाळचे भजन ही मात्र नागपूरचीच राहिली. ज्या शेतकऱ्याला कापसाचा, तुरीचा वा सरकीचा दर तोवर खुद्द अडत्याच्या तोंडून कळत असे, त्याला तो बंडी जुंपण्यापूर्वी घरबसल्या कळू लागला, ही लहानसहान गोष्ट नव्हे. नागपूर ही द्विभाषिक प्रांताची राजधानी असल्यामुळे तेथून मराठीबरोबर हिंदीही ऐकू येई, आणि वऱ्हाडच्या कानाला हिंदीचे जे वळण आधीच होते ते अधिक पक्के झाले.

दुसरी दिशा पश्चिमेची. मुंबईहून नाट्यसंगीत, श्रुतिका आणि पुढे 'पुन्हा प्रपंच'मधील टेकाडे भावजींच्या गप्पा येत. पुणे केंद्राने १९५५ च्या रामनवमीपासून वर्षभर ग. दि. माडगूळकर आणि सुधीर फडके यांचे ५६ गीतांचे 'गीतरामायण' ऐकविले, तेव्हा मराठी घरांत नभोवाणीला देवघराची प्रतिष्ठा लाभली. या दोन दिशांविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे. तिसरी दिशा दक्षिणेची, समुद्रापलीकडची. तिच्याविषयी मात्र घरातील वडीलधारी माणसे जरा खालच्या आवाजात बोलत, आणि आपल्या विषयाचा गाभा नेमका तेथेच आहे.

कोलंबोची वाट

१९५२ साली डॉ. बाळकृष्ण विश्वनाथ केसकर केंद्रात माहिती व नभोवाणी खात्याचे मंत्री झाले. शास्त्रीय संगीताचा त्यांना जाज्वल्य अभिमान होता, चित्रपटगीते लोकांची अभिरुची बिघडवितात असे त्यांचे ठाम मत होते, आणि त्यांच्या अमदानीत आकाशवाणीवरील या गीतांचा वाटा झपाट्याने घटला. निर्मात्यांशी असलेले करारही तुटले. याच सुमारास रेडिओ सिलोनची व्यापारी हिंदी सेवा जोम धरीत होती. दुसऱ्या महायुद्धात दोस्तराष्ट्रांच्या आग्नेय आशियातील सैनिकांसाठी कोलंबोजवळ उभारलेले बलाढ्य क्षेपक युद्धानंतर तिच्या हाती आले होते. ३ डिसेंबर १९५२ रोजी तेथून 'बिनाका गीतमाला' सुरू झाली आणि दर बुधवारी रात्री आठ वाजता अमीन सायानी यांचा आवाज घरोघर येऊ लागला. दिल्लीतील एका महाराष्ट्रीय मंत्र्याने अभिरुचीच्या रक्षणार्थ दार लावून घेतले, आणि लोक खिडकीतून कोलंबोला पोहोचले.

येथे एक शंका सहज उद्भवते. नागपूर अमरावतीपासून दीडशे आणि अकोल्यापासून अडीचशे किलोमीटर, तर कोलंबो सुमारे दीड हजार. मग इतक्या दूरचा आवाज एवढा ठळक कसा येई? याचे उत्तर लहरींच्या स्वभावात आहे. मध्यम लहरी दिवसा जमिनीच्या आधाराने चालतात आणि अंतराबरोबर क्षीण होत जातात. लघुलहरी वर चढतात. भूपृष्ठापासून सुमारे शंभर ते चारशे किलोमीटर उंचीवर सूर्याच्या किरणांनी विद्युद्भारित झालेले जे थर आहेत, तेथून त्या वळविल्या जातात आणि फार दूरच्या प्रदेशात पुन्हा जमिनीवर उतरतात. हजार-दोन हजार किलोमीटरांचे अंतर अशा एका झेपेला अगदी मानवते, आणि वऱ्हाड कोलंबोहून नेमके तेवढ्याच अंतरावर आहे. मात्र हे थर स्थिर नसतात. एकाच लहरीचे अंश वेगवेगळ्या मार्गांनी येऊन कधी एकमेकांस बळ देतात, कधी परस्परांना मारतात. म्हणून गाणे ऐन अंतऱ्यात विरून जाई, श्रोते श्वास रोखून बसत, आणि धृपद पुन्हा भरदार येई. या चढउतारामुळे ऐकणे हे आरामाचे काम न राहता कसबाचे काम झाले. घरात एखादाच मुलगा असा असे की, काटा केसभर हलवून, एरियलची तार बोटाने जरा उचलून धरून, तो नेमका कोलंबोला लावीत असे, आणि बुधवारी त्याचा मान वडिलांहून मोठा असे.

यंत्रही आजच्यासारखे बटण दाबताच बोलणारे नव्हते. मर्फी, फिलिप्स, बुश यांच्या वाल्वच्या पेट्या तापण्यास अर्धा-एक मिनिट घेत. आतील काचनळ्यांचा तांबूस उजेड मागच्या छिद्रांतून भिंतीवर पडे. काहींना हिरवा डोळा असे, आणि केंद्र बिनचूक जुळले म्हणजे त्याच्या पाकळ्या मिटत. वीज नसलेल्या खेड्यांत जडशीळ कोरड्या बॅटऱ्यांवर चालणारे संच असत. पुढे ट्रान्झिस्टर आला, कातडी वेष्टणात खांद्याला लटकला, आणि त्याचे सेल उतरले म्हणजे ते उन्हात वाळत घालून आणखी दोन-चार दिवस चालविण्याची विद्या घरोघर पसरली. या सर्वांवर सरकारचा परवाना होता. टपालकचेरीतून मिळणाऱ्या परवान्याच्या पुस्तकात दरसाल वसुलीची तिकिटे चिकटवून मुदत वाढवून घ्यावी लागे, आणि तपासनीस गावात आल्याची वार्ता लागताच काही पेट्यांवर गोधडी पडे.

पंधरा ओळींचे कार्ड

'गीतमाले'च्या पहिल्याच कार्यक्रमाला चाळीस-पन्नास पत्रे येतील या अपेक्षेने बसलेल्या सायानींच्या पुढ्यात ९,००० पत्रे येऊन पडली, असे ते स्वतः पुढे सांगत. गाणी विनामूल्य ऐकू येत असता माणसे पदरचे पैसे घालून पत्रे का लिहीत होती, हा प्रश्न विचारावयास हवा. पहिल्या वेळी बक्षिसाचे आमिष होते, हे खरे; पण फर्माइशीच्या कार्यक्रमांना कोणतेच बक्षीस नव्हते, आणि तरीही पत्रांचा ओघ आटला नाही. अभ्रकाच्या खाणींजवळचे झुमरीतलैया आणि मुंबई-हावडा लोहमार्गावरचे राजनांदगाव ही नावे तर फर्माइशींमुळेच देशभर पोहोचली. त्याच लोहमार्गावर अकोला आहे, मूर्तिजापूर आहे, अमरावतीचे बडनेरा आहे. जिथे रेल्वे थांबते, टपाल वेळेवर येते, चित्रपट उशिराने का होईना पण लागतो, आणि जिथून कोणाचेही नाव सहसा बाहेरच्या जगात जात नाही, अशी ही मधल्या वजनाची गावे. फर्माइशीची पत्रे महानगरांपेक्षा अशाच गावांतून अधिक उत्साहाने जात, यात आश्चर्य नाही.

फर्माइशीचे कार्ड म्हणजे एक लहानसा दस्तऐवजच असे. वर निवेदकाला आदराने नमस्कार, मग गीत, चित्रपट, गायक यांचा उल्लेख, आणि हे सर्व तीन-चार ओळींत आटोपल्यावर उरलेल्या साऱ्या जागेत नावे. प्रथम लिहिणाऱ्याचे, नंतर भावंडांची, नंतर मित्रांची, मग ज्याच्या पानठेल्यावर किंवा हॉटेलात संच वाजे त्याचे, आणि जागा अगदीच संपली म्हणजे 'आणि सर्व मित्रमंडळ'. खाली मुक्काम, पोस्ट, तालुका, जिल्हा. या यादीत कोणाचे नाव आधी यावे यावरून रुसवेफुगवे होत. ज्याच्याकडून उसने घेतलेले परत करावयाचे राहिले असेल त्याचे नाव वर चढे. आणि एखाद्या कार्डात मध्येच एक नाव असे असे की, ते कोणासाठी घातले आहे हे लिहिणाऱ्याला आणि जिच्या कानावर पडावे अशी इच्छा असे तिला, अशा दोघांनाच ठाऊक. कार्ड टाकल्यावर ते कधी वाचले जाईल याचा नेम नसे. म्हणून आठवडामागून आठवडा साऱ्या टोळक्याने संचाभोवती बसावे लागे. अखेर एके दिवशी दूरच्या निवेदकाच्या हिंदी उच्चारात, 'ळ'चा 'ल' होऊन, आपल्या गावाचे नाव येई, पाठोपाठ आपले येई, आणि गाणे सुरू होई. पण ते गाणे त्या दिवशी कोणी ऐकत नसे. दुसऱ्या दिवशी बाजारात कोणी तरी हटकून म्हणे, "तुहं नाव आलं ना बे काल रेडिओवर!" त्या एका वाक्यासाठी टपालखर्च वसूल झालेला असे.

या घटनेत गाणे हे निमित्त आणि नाव हे प्रयोजन होते. आपण अमुक गावी राहतो, आपल्याला इतकी माणसे आहेत, आणि आपल्याला अमुक गीत आवडते, एवढी साक्ष आकाशातून वदवून घ्यावी, ही त्यामागची आकांक्षा होती. शिवाय त्याच गाण्यासाठी आपल्या यादीच्या आगेमागे दुसऱ्या कुठल्या तरी प्रांतातील अनोळखी नावे वाचली जात, आणि कधीही न पाहिलेल्या त्या माणसांशी आवडीचे एक नाते जुळे. त्यातून पुढे श्रोतृसंघ निघाले, पत्रमैत्री झाल्या. आकाशवाणीलाही हे उमजले. ३ ऑक्टोबर १९५७ रोजी 'विविध भारती' सुरू झाली, १ नोव्हेंबर १९६७ रोजी मुंबई-पुण्याबरोबर नागपूरहूनही तिची जाहिरातसेवा सुरू झाली, आणि फर्माइशीच्या याद्या आता देशातच वाचल्या जाऊ लागल्या. 'जयमाला' या सैनिकांसाठीच्या कार्यक्रमात तर सरहद्दीवरच्या जवानाने मागितलेले गीत आणि त्याचे नाव त्याच्या गावी ऐकू येई. पत्रावर केवळ लष्करी टपालाचा क्रमांक पाहणाऱ्या आईला मुलगा कोठे आहे हे कळत नसे. तो आहे, एवढे मात्र कळे.

पलायन कशापासून?

आता मूळ आक्षेपांकडे वळू. नभोवाणीचा श्रोता पळून जातो हे निरीक्षण वऱ्हाडचे किंवा हिंदुस्थानचे एकट्याचे नाही. १९४० नंतरच्या दशकाच्या आरंभी हेर्टा हेर्झोग या विदुषीने अमेरिकेत दुपारच्या रडक्या मालिका ऐकणाऱ्या गृहिणींशी बोलून त्या मालिकांतून त्यांना काय लाभते याचा शोध घेतला. मन मोकळे होणे आणि दुसऱ्याच्या आयुष्यात आपल्या इच्छा पुऱ्या होताना पाहणे हे लाभ अपेक्षित होते. पण संसारात कसे वागावे याचा सल्लाही आपल्याला यातून मिळतो, असे पुष्कळजणींनी सांगितले. म्हणजे पळून गेलेली श्रोती परत येताना काही घेऊन येत होती. १९५६ साली डोनाल्ड हॉर्टन आणि रिचर्ड वोल यांनी आणखी एक विचार मांडला : निवेदक सहस्रावधी लोकांशी बोलत असतो, पण प्रत्येकाला तो आपल्या एकट्याशीच बोलतो असे वाटते, आणि तरीही हे सख्य एकतर्फी असते, कारण श्रोत्याला उलट बोलता येत नाही. वऱ्हाडातील पत्रलेखकाने हे शेवटचे विधान आपल्यापुरते खोडून काढले. त्याने उलट उत्तर पाठविले, तेही सगळ्या मित्रमंडळाच्या सहीने.

पळण्याचीही वेगवेगळी कारणे असतात. दुपारी दिवाणखाना रिकामा झाल्यावर माजघरातून बाहेर येऊन संच लावणारी गृहिणी मालकी हक्काने नव्हे, तर चोरट्या फुरसतीने ऐकत असे. तिचे पलायन तिच्या दिनक्रमाच्या तटबंदीतून होते. पऱ्हाटीच्या वावरात वेचणी करणाऱ्या बायांच्या जवळ बांधावरच्या बाभळीला अडकविलेला ट्रान्झिस्टर वाजू लागला, तेव्हा पाठीचा बाक काही सरळ झाला नाही, पण ओळीओळीने पुढे सरकण्याला एक लय मिळाली. सर्वांत एकाकी काम जागलीचे. पीक हाताशी आले म्हणजे रानडुकरांपासून ते राखण्यासाठी माळ्यावर बसून रात्र काढावी लागते, आणि पुढे कृषिपंपांची वीज बहुधा रात्रीच येऊ लागल्यावर हरभऱ्याला पाणी देणाऱ्यालाही हीच रात्र वाट्याला आली. अशा माणसाला घरच्यांपासून दूर नेण्याचा प्रश्नच नव्हता. तो आधीच दूर होता. १८ मे १९८८ पासून नागपूरच्या १,००० किलोवॉटच्या क्षेपकावरून आकाशवाणीची राष्ट्रीय वाहिनी रात्रभर चालू लागली, तेव्हा जागे राहणे ज्यांचे काम आहे अशा देशभरच्या माणसांना एकमेकांची सोबत मिळाली. पहाटे दोन वाजता कोणी तरी बोलत आहे, याचा अर्थ कोणी तरी जागे आहे, आणि आपल्यासारखे आणखी कोणी ऐकतही आहे. २०१९ च्या आरंभी ही वाहिनी बंद झाली. रात्रीची वीज मात्र अजून सर्वत्र दिवसाची झालेली नाही.

उणिवा आणि हिशेब

या चित्राची दुसरी बाजूही नोंदविली पाहिजे. संच ज्याच्या घरी, काटा त्याच्या हाती. ज्याच्या ओसरीवर बसण्याचा अधिकार गावाने ज्यांना दिला नव्हता, त्यांनी रस्त्यावर उभे राहून ऐकले, आणि त्यांची नावे कार्डावर चढण्यास ट्रान्झिस्टर स्वस्त होईपर्यंत वाट पाहावी लागली. १९५० नंतरच्या दशकात सरकारने ग्रामपंचायतींना सामूहिक श्रवणाचे संच पुरविण्याची योजना आखली खरी. पण चावडीतील संचाची किल्ली ज्याच्या कमरेला, त्याच्या मर्जीवर गावाचे श्रवण अवलंबून राहिले. 'बहुजनहिताय बहुजनसुखाय' हे ब्रीद असलेल्या संस्थेचे सुख बहुजनांपर्यंत पोहोचविले ते बऱ्याच अंशी त्या छोट्या, स्वस्त, सेलवर चालणाऱ्या यंत्राने.

नागरकोईल येथे १९८४ साली पहिले स्थानिक केंद्र निघाले आणि त्याच धोरणातून पुढे अकोल्यालाही १०२.४ मेगाहर्ट्झवर स्वतःचा आवाज मिळाला. पंजाबराव देशमुखांचे नाव लाभलेले आणि १९६९ साली स्थापन झालेले कृषी विद्यापीठ त्याच गावात असल्यामुळे बोंडअळीची चर्चा करणाऱ्या तज्ज्ञाला नागपूर गाठण्याचे कारण उरले नाही. दूरच्या निवेदकाच्या तोंडी आपल्या गावाचे नाव ऐकण्याचा जो थरार होता, तो गावातल्याच निवेदकाच्या तोंडी ओसरला, हे कबूल केले पाहिजे. परंतु आपल्या बोलीचा हेल अधिकृत ध्वनिक्षेपणात ऐकू येणे ही त्या थराराहून टिकाऊ मिळकत आहे.

एकंदरीत निवाडा असा की, पहिला आक्षेप अर्धा खरा आणि दुसरा वऱ्हाडापुरता खोटा आहे. येथील श्रोता पळाला, पण तो एकटा पळाला नाही. टोळके जमवून, नावांची यादी करून पळाला, आणि जेथे पोहोचला तेथे आपल्या गावाचा पत्ता ठेवून आला. या व्यवहाराची कागदपत्रे मात्र झपाट्याने नाहीशी होत आहेत. परवान्यांची पुस्तके रद्दीत गेली, श्रोतृसंघांच्या वह्या उंदरांनी खाल्ल्या, निवेदकांची उत्तरे कोनाड्यांत पिवळी पडली. अमरावती-अकोल्याकडच्या ज्या वाचकांच्या घरी यांतले काही शिल्लक असेल, त्यांनी ते फेकून न देता आपल्या गावच्या वाचनालयाच्या स्वाधीन करावे, आणि कार्डावरची जी माणसे अजून हयात आहेत त्यांच्या तोंडून त्या नावांची माहिती लिहून घ्यावी.